झाकण बसेपर्यंत

मी एक जुनी काचेची बरणी आहे, मित्रांनो. जुनी म्हटलं म्हणून नाक मुरडू नका. प्लॅस्टिकच्या नव्या डब्यांचं रूप चार दिवसांत उतरतं. माझी काच अजून अशी आहे की पलीकडे बसलेलं माणूस खोटं बोलत असेल तर त्याचा चेहरा स्वच्छ दिसावा. माझा उपयोग चटणीसाठी. भाजलेल्या लाल मिरच्यांची, टोमॅटोची, डोळ्यांतून पाणी काढणारी चटणी. घरातली शिकलेली मंडळी तिला साल्सा म्हणत. म्हणोत बापडी. नाव बदललं म्हणून जीभ भाजायची राहत नाही.

तुम्हाला जन्मल्यावर पाळण्यात घातलं असेल. मला साच्यात घातलं. वाळू वितळून तिचा लालभडक रस झाला, तो साच्यात पडला, आत वारा भरला आणि मी पोट काढून उभी राहिले. थंड होताना माझ्या अंगात हवेचा एक बुडबुडा अडकून राहिला. कारखान्यातल्या तपासनिसाने मला उजेडात धरून फिरवलं आणि म्हणाला, "जाऊ दे, गळत तर नाही." जन्मतः मला मिळालेली शाबासकी ती एवढीच.

मग खोकं, मग गाडी, मग दुकानाची फळी. आम्ही सगळ्या बहिणी गवतात बसून गिऱ्हाइकाची वाट बघत होतो. एके दिवशी दोन बायका आल्या. दोघी जावा. घर एक, स्वयंपाकघर एक, आणि स्वभाव दोन टोकांचे. थोरली उंच, ताठ, आणि तोंडाने अशी की समोरच्याने ऐकून घ्यावं आणि घरी जाऊन रडावं. धाकटी बुटकी, कमी बोलणारी. तिचं सगळं मनात. बोलून टाकणारं माणूस परवडतं हो. मनात साठवणाऱ्याचा हिशोब कुणाला कळत नाही.

धाकटीने मला उचलून बघितलं. "जाऊबाई, हिच्यात बुडबुडा आहे. दुसरी घेऊ या का?"

"असू दे," थोरली म्हणाली. "ज्याच्यात खोट नाही असं कुणी सापडलं तर आणून दाखव. मग हिला परत करू."

अशी मी त्या घरात आले.

उन्हाळा सरत आला की बाजारात लाल मिरच्यांचे ढीग लागत. मुठीएवढ्या, मांसल, गोडसर मिरच्या आणि बोटाएवढ्या जहाल मिरच्या. थोरली दोन्ही आणायची, स्वतः निवडून. मागच्या दारी शेगडी पेटायची, वर जाळी ठेवायची आणि थोरली समोर पाट टाकून बसायची. तिथून तिला उठवायची कुणाची छाती नव्हती. मिरची फटफट आवाज करत फुगायची, साल काळं ठिक्कर पडायचं, आणि नेमकी आतला गर जळायच्या आधी थोरली ती उचलायची. चिमटा बाजूला पडलेला, बोटांनीच. मग सगळ्या पातेल्यात घालून वर ताट झाकायचं. "घाम येऊ दे त्यांना," ती म्हणायची, "घाम आल्याशिवाय कुणी कातडी सोडत नाही."

साल काढायची ती नुसत्या हातांनी. पाण्याचा थेंब लावायचा नाही, हा तिचा कायदा. मिरची पाण्याखाली धरली की साल पटकन निघतं, पण भाजल्याचा सगळा धूर, सगळी चव मोरीत वाहून जाते. एकदा धाकटी म्हणाली, "जाऊबाई, हात किती लाल झालेत. जरा पाणी घ्या की." तर थोरली काय म्हणाली माहीत आहे? "धुतलेली मिरची आणि माफी मागून मिटवलेलं भांडण, दोन्हींत चव राहत नाही."

तेव्हा सगळे हसले होते. मीही हसले असते, पण तोंडावर झाकण होतं.

टोमॅटो, कांदे, लसूण, सगळं जाळीवर भाजून, जाडसर ठेचून, मीठ आणि व्हिनेगर घालून रटरटा शिजवायचं. व्हिनेगर हात राखून घातलं तर चटणी टिकत नाही. त्यात थोरलीने आपल्या बापाचंही ऐकलं नसतं. इथवर तिचं राज्य. इथून पुढे धाकटीचं.

धाकटी आम्हाला उकळत्या पाण्यातून बाहेर काढायची. गरम बरणीत गरम चटणी, वर थोडी जागा रिकामी, कडेने सुरी फिरवून आतली अडकलेली हवा मोकळी केलेली. मग ओल्या स्वच्छ फडक्याने तोंड पुसायचं. आमचं झाकण दोन तुकड्यांचं असतं: वर पत्र्याची चपटी चकती, आणि तिला धरून ठेवणारं फिरकीचं कडं. ते कडं धाकटी बोटांच्या चिमटीत धरून फिरवायची आणि जरा अडलं की सोडून द्यायची. मनगटाचा जोर कधी लावायची नाही. बघणाऱ्याला वाटावं, किती सैल लावते ही बाई! पण बरणी पुन्हा पाण्यात उकळायला ठेवली की आतल्या हवेला बाहेर पडायला वाट लागते. ती वाट धाकटी ठेवायची. हे तिला कुणी विचारलं नाही आणि तिने कुणाला सांगितलं नाही.

घरात एक अलिखित करार होता. थोरलीने झाकणाला हात लावायचा नाही, धाकटीने शेगडीला.

उकळून निघाल्यावर आम्हाला खिडकीजवळ जाड फडक्यावर मांडत. आणि मग त्या घरात एक गंमत व्हायची, तशी मी दुसरीकडे कुठे ऐकली नाही. निवता निवता आतली चटणी आक्रसते, चकती आत ओढली जाते आणि आवाज येतो: टक. तो आला म्हणजे झाकण बसलं, आता वर्षाची निश्चिंती. तर शेवटचं झाकण बसेपर्यंत त्या स्वयंपाकघरात कुणी एक शब्द बोलायचा नाही, असा थोरलीचा हुकूम. का, ते तिलाही सांगता आलं नसतं. दोघी जावा एका बाकावर बसायच्या, लालबुंद हात मांडीवर, आणि आमच्याकडे बघत राहायच्या. थोरलीचा नवरा चहासाठी दारात येऊन हातानेच कप दाखवायचा. एकदा त्याला तिखटाच्या वाफेने शिंक आली. थोरलीने असं बघितलं की दुसरी शिंक त्याने अंगणात जाऊन दिली. धाकटी पदराखाली हसत होती.

मित्रांनो, दिवसभर जिची जीभ थांबत नाही ती बाई एवढा वेळ गप्प बसायची आणि तिला ते आवडायचं. गप्प बसायलाही सोबत लागते, हे मला तेव्हा कळलं नव्हतं.

आमची चटणी नावाजली गेली. पाहुणे आले की मी टेबलाच्या मधोमध. थोरलीच्या मुलीचं लग्न झालं आणि एके दिवशी तिच्या सासूबाई जेवायला आल्या. धाकटीने माझं झाकण उघडलं, फस्स करून आवाज झाला आणि भाजल्या मिरचीचा वास खोलीभर गेला. विहीणबाई म्हणाल्या, "अगंबाई! ही गेल्या वर्षीची? जशी काल भरली. झाकण लावणाऱ्याच्या हातांना दाद द्यायला हवी."

धाकटी लाजली. काहीतरी बोलायला तिने तोंड उघडलं.

"झाकणाचं काय हो एवढं," थोरली मध्येच म्हणाली. "झाकण काय, कुणीही लावेल. चटणी जमावी लागते."

सगळे हसले. धाकटीही हसली. पण मी मधोमध होते, आणि माझ्या काचेतून मला तिचा चेहरा दिसत होता. ती उठली, रिकाम्या ताटल्या गोळा केल्या आणि आत गेली. थोरली पुढचं वाढत होती.

त्यानंतर भांडण झालं असतं तर बरं झालं असतं. झालं नाही. धाकटीने एवढंच सांगितलं की घर आता लहान पडतं. नवऱ्याला आणि मुलाला घेऊन गावाच्या दुसऱ्या टोकाला तिने वेगळं बिऱ्हाड केलं. जाताना थोरली दारात उभी राहून म्हणाली, "जा बाई. मी का कुणाला बांधून ठेवलंय?" आणि गाडी वळल्यावर आत येऊन ओटा पुसत बसली. ओटा स्वच्छ होता.

मिरच्यांचे दिवस आले. थोरली रोज दाराकडे बघायची. येईल, तिला काय निमंत्रण द्यायला हवं? आणि तिकडे धाकटी वाट बघत असणार की बोलावणं येईल. एकीने बोलावलं नाही, दुसरी आली नाही. त्या वर्षी शेगडी पेटलीच नाही. हिवाळ्यात थोरलीचा नवरा गेला. धाकटी धावत आली, चार दिवस राहिली, सगळ्यांचं चहापाणी तिनेच बघितलं. दोघींमध्ये बोलणं झालं ते साखर कुठल्या डब्यात आहे एवढंच. मग तीही गेली. घरात थोरली उरली आणि फळीवर आम्ही.

पुढच्या उन्हाळ्याच्या शेवटी मात्र थोरलीने कंबर कसली. शेजारीण म्हणाली, "एकट्याने कशाला? धाकट्या बाईंना बोलवा की."

"का? माझे हात झडलेत?"

मिरच्या नेहमीसारख्या भाजल्या. चटणी तशीच झाली, वाढून घ्यावीशी. आम्ही गरम पाण्यातून निघालो, भरलो. मग थोरलीने झाकणं घेतली. आजवर तिने झाकण लावलेलंच नव्हतं. घट्ट म्हणजे पक्कं, हे तिचं गणित. घरातल्या माणसांनाही तिने तसंच धरलं होतं. दात आवळून, मनगटाचा सगळा जोर लावून तिने एकेक कडं पिळलं. माझा तर जीव गुदमरला. पाण्यात उकळताना आतली हवा बाहेर पडायला बघते, पण वाट कुठे? माझ्या डोक्यावरची चकती वाकली. शेजारच्या बहिणीचीही.

थोरलीने आम्हाला खिडकीजवळ मांडलं आणि बाकावर जाऊन बसली. एका कडेला बसली, दुसऱ्याची जागा सोडून. आणि गप्प झाली.

मित्रांनो, मी पुष्कळ काही सोसलंय, पण ती दुपार विसरत नाही. त्या घरात तिने ज्याच्याशी बोलावं असं कुणीही नव्हतं. तरी ती नेमाने तोंड मिटून बसली होती. आमच्यातून एकही आवाज येईना. फोन वाजला, तिने उचलला नाही. शेजारणीने मागच्या दारातून हाक मारली, तिने ओ दिली नाही. झाकण बसेपर्यंत बोलायचं नाही ना! ऊन खिडकीतून भिंतीवर गेलं, भिंतीवरून वर सरकलं. आम्ही गार झालो, पार गार. मी माझ्या परीने किती ओढून घेतलं! पण वाकलेली चकती कशी बसणार?

शेवटी ती उठली. कुणाला ऐकू जाऊ नये अशा आवाजात म्हणाली, "उद्या बसतील."

आणि आम्हाला तसंच फळीवर ठेवून दिलं. आता हे कुठलं शहाणपण? न बसलेलं झाकण उद्या बसत नाही, हे तिला पुरतं माहीत होतं. पण मान्य करायचं तर कुणाचं तरी नाव घ्यावं लागलं असतं. आठवडाभरात आमच्या तोंडाशी फेस आला, आंबूस वास सुटला. थोरलीने आम्हाला एकेक करून मागच्या खड्ड्यात ओतलं. माझं कडं इतकं आवळलेलं की निघेना. तिने रागाने उलथन्याच्या दांड्याने ठोकलं आणि माझ्या तोंडाच्या कडेचा काचेचा एक टवका उडाला. तिच्या ते लक्षातही आलं नाही. शेजारणीला तिने सांगितलं, "यंदा मिरच्याच हलक्या निघाल्या."

मग आम्ही नुसत्या राहिलो. मागच्या फळीवर, अंधारात, एकमेकींना पाठ लावून. रिकाम्या बरणीचं दुःख तुम्हाला सांगून कळणार नाही. फुटलेलीसाठी निदान लोक हळहळतात. रिकामीला कुणी उचलूनही बघत नाही. माझ्यात कुणीतरी सुतळीचे तुकडे टाकले, मग एक जळका बल्ब. कोळ्याने माझ्या तोंडावर जाळं विणलं. मी म्हटलं, बरं झालं, कुणीतरी झाकण लावलं. थोरली तर आमच्याकडे बघायचीच नाही. तुरीची डाळ काढायची ती मान फिरवून काढायची. एका माणसाचा स्वयंपाक तो किती? पातेल्याला चमचा लागल्याचा आवाजसुद्धा दिवसातून एकदाच यायचा. ती स्वतःशी बोलायला लागली होती. "भात जास्त झाला." "दार लाव." "लावलं."

असे काही उन्हाळे गेले. एका सकाळी धाकटीची सून आली. हातात एक बरणी, नवीच. "आईंनी पाठवली. या वर्षी केली त्यांनी चटणी."

"स्वतः भाजल्या?" थोरलीने विचारलं.

"हो. हात पोळले त्यांचे. पण कुणाला हात लावू देईनात."

सून गेल्यावर थोरलीने ती बरणी ओट्यावर ठेवून कितीतरी वेळ नुसती बघितली. मग झाकण उघडलं. फस्स! असा आवाज त्या घरात किती दिवसांनी झाला. तिने चमच्याचं टोक बुडवून चाखलं आणि तिच्या कपाळाला आठ्या पडल्या.

"पाण्याखाली धरल्यात," ती म्हणाली. "धुतल्यात मेलीने. नुसता टोमॅटोचा रस्सा झालाय." आणखी एक चमचा घेतला. आणखी एक. "झाकण मात्र काय लावलंय," ती म्हणाली, आणि तिथेच पाटावर बसून तोंडाला पदर लावून रडली. तिखटाने म्हणावं तर त्या चटणीत तिखट नव्हतंच.

दुसऱ्या दिवशी ती बाजारात गेली आणि आली ती उचलवणार नाहीत एवढ्या मिरच्या घेऊन. शेगडी पेटली. मला वाटलं, म्हातारीचं डोकं फिरलं. पुन्हा आम्हाला गुदमरवणार. तिने सगळ्या मिरच्या भाजल्या, सोलल्या, सगळी चटणी शिजवली. आम्हाला फळीवरून काढून धुतलं, पाण्यात ठेवलं. आता चटणी तयार, बरण्या तयार, आणि ती तशीच ठेवली तर नासणार. स्वतःला मागे फिरायला तिने जागाच ठेवली नाही. मग हात पुसून तिने फोन उचलला.

"हॅलो. मी बोलतेय... मी म्हणजे कोण? आवाज विसरलीस का?... नाही, धडधाकट आहे. एवढ्यात नाही मरत... आली, तुझी चटणी मिळाली. ते असू दे. ऐक. मी मिरच्या भाजल्यात. सगळं शिजवून ठेवलंय." मग ती थांबली. पुढचं वाक्य फार हळू आलं. "मला झाकण लावता येत नाही."

तिने फोन दुसऱ्या कानाला लावला.

"ऐकलंस का? हो, मीच म्हणतेय. पुन्हा म्हणायला लावू नकोस."

धाकटी आली. केस पार पिकलेले, हातावर भाजल्याचे डाग. दारातच चप्पल काढली, पदर खोचला आणि सरळ ओट्याशी उभी राहिली. मागच्या वेळचं वाकलेलं एक झाकण कोपऱ्यात पडलं होतं. ते तिने उचलून उजेडात धरलं.

"मनगटाने पिळलं होतंत ना?"

"मग काय पायाने?"

"हवेला जायला जागा ठेवावी लागते, जाऊबाई."

"तू कधी सांगितलं नाहीस."

"तुम्ही कधी विचारलं नाहीत. झाकण कुणीही लावेल, म्हणालात. पाहुण्यांसमोर."

थोरलीने मान खाली घातली. त्या घरात मी एवढी वर्षं काढली, तिची मान खाली गेलेली तेव्हाच पाहिली. "म्हणाले खरी," ती म्हणाली. "लावून बघितलं. नाही बसलं. इतकी वर्षं नाही बसलं काही."

धाकटीने एक बरणी पुढे ओढली, चटणी भरली, कड पुसली, चकती ठेवली. मग थोरलीचा तो मोठा, लाल हात धरून कड्यावर ठेवला. "चिमटीत धरा. फिरवा. अडलं? बस. सोडा आता."

"एवढंच?"

"एवढंच. आणि मिरच्यांना खरंच पाणी लावायचं नाही का?"

"थेंबसुद्धा नाही. बोटं जळू दे, पण पाणी नाही. उद्या दाखवते."

मग माझी पाळी आली. धाकटीने माझ्या तोंडावरून बोट फिरवलं आणि ते एकदम थांबलं. "हिची कड गेलीय. हिच्यावर आता झाकण नाही बसायचं." आणि तिने मला अलगद बाजूला ठेवलं. थोरलीने बघितलं, मी कुणामुळे अशी झाले ते तिला आता उमगलं असावं. तिने मला टाकलं नाही. खिडकीच्या कोपऱ्यात ठेवलं. तिथून मी माझ्या बहिणींना भरताना पाहिलं, लाल, तुडुंब, गरम. मी थंडच होते.

बरण्या उकळून निघाल्या, दोघी बाकावर बसल्या, एकेक टक ऐकता ऐकता शेवटचं झाकण बसलं, आणि सगळं आवरल्यावर धाकटी निघाली. थोरली तिच्यामागे दारापर्यंत गेली.

"उद्या ये."

"मिरच्या शिकायला? त्या तर संपल्या."

"संपू दे. तशीच ये."

"बघते," धाकटी म्हणाली. पण तिने काढून ठेवलेलं घड्याळ आमच्या ओट्यावरच राहिलं, आणि चप्पल घालताना मनगटाकडे बघूनही ती ते न्यायला मागे फिरली नाही.

आता ती येते. कधी दोघी भांडतात, कधी नुसत्या बसतात. मी मात्र त्या कोपऱ्यात रिकामीच आहे, आणि यापुढेही रिकामीच राहीन. त्या दोघींचं जे मिटलं ते माझं मिटणार नाही. काचेला पुन्हा कड फुटत नाही. माझी तक्रार नाही. फक्त एक मागणं आहे. मित्रांनो, ज्याच्यावाचून तुमचं अडतं त्याला ते वेळेवर सांगा. चारचौघांत सांगा, त्याच्या तोंडावर सांगा, जेवण झाल्यावर नाही तर जेवताना सांगा. त्यात तुमची मान कापली जात नाही. आणि घरातल्या फळीवर कुठे एखादी रिकामी बरणी असेल तर अधूनमधून तिला खाली काढून फडकं मारा. तिला हाक मारता येत नाही. ज्यांना येते, त्यांनाही ती मारायला किती वर्षं लागतात ते तुम्ही आत्ताच ऐकलंत.